अंगाईतला बारगीर

(हीरक महोत्सवी व्याख्यानमालेत ‘बंगालचे लोकसंगीत’ या विषयावर झालेल्या व्याख्यानाची संहिता)



कोलकात्याच्या उत्तर भागात बागबाजार नावाची जुनी वस्ती आहे. गंगेचे घाट, जवळच मूर्तिकारांचे कुमोरटुली आणि रसगुल्ल्याची कीर्ती यांसाठी ती ओळखली जाते. या वस्तीत ‘मराठा डिच लेन’ नावाची एक गल्ली आहे. महाराष्ट्रातून गेलेला प्रवासी ती पाटी वाचून क्षणभर सुखावतो. परप्रांतात आपल्या नावाचा रस्ता! मग कोणी तरी त्याला अर्थ सांगतो. डिच म्हणजे खंदक. तो मराठ्यांनी खणलेला नव्हे. मराठ्यांच्या भीतीने खणलेला.

१७४२ साली नागपूरकर रघूजी भोसल्यांचे दिवाण भास्करराम कोल्हटकर, ज्यांना बंगाली इतिहास भास्कर पंडित म्हणून ओळखतो, घोडदळ घेऊन बंगालात उतरले. ती बातमी पोचताच कोलकात्याच्या रहिवाशांनी ईस्ट इंडिया कंपनीच्या संमतीने शहराभोवती खंदक खणायला घेतला. बेत सात मैलांचा होता. सहा महिन्यांत सुमारे तीन मैल खणून झाला. मराठे काही त्या शहरावर आले नाहीत आणि काम तिथेच थांबले. पुढे १७९९ साली या खंदकाचा मोठा भाग बुजवून सर्क्युलर रोड करण्यात आला. आजचे आचार्य जगदीशचंद्र बोस रोड आणि आचार्य प्रफुल्लचंद्र रोड ते हेच.

खंदक असा रस्त्याखाली गेला, तरी त्याच भीतीतून जन्मलेले एक गाणे बंगालात अद्याप घरोघर म्हटले जाते. ते युद्धगीत नाही, शोकगीतही नाही. ती अंगाई आहे. बंगालच्या लोकसंगीताविषयी मराठी श्रोत्यांपुढे बोलायचे तर आरंभ या अंगाईपासूनच करणे प्रामाणिकपणाचे होईल. कारण बाउल आणि भटियाली यांचे कौतुक कोणालाही करता येते, पण या अंगाईत मराठी माणूस स्वतः आहे, आणि तो बागुलबुवाच्या जागी आहे.

अंगाईचा आशय असा. बाळ झोपले, आळी शांत झाली, आणि देशात बर्गी आले. शेतातले धान बुलबुलांनी खाऊन टाकले. आता सारा भरायचा कशाने? पुढच्या ओळींत धान संपले आहे, विड्याची पानेही संपली आहेत, काही उपाय उरलेला नाही. तेव्हा आई म्हणते की थोडे दिवस धीर धरा, लसूण पेरला आहे. एवढेच. चाल इतकी साधी की चार-पाच सुरांच्या पलीकडे ती जात नाही. झोळीच्या हेलकाव्याला पुरेल इतकाच तिचा पल्ला.

‘बर्गी’ हा शब्द मराठी कानाला अनोळखी वाटला, तरी तो ‘बारगीर’ या आपल्याच लष्करी शब्दाचे बंगाली रूप आहे. मराठी फौजेत घोडेस्वारांचे दोन प्रकार असत. स्वतःचा घोडा आणि हत्यारे घेऊन चाकरीला येणारा तो शिलेदार. ज्याला घोडा व हत्यारे सरकारातून मिळत तो बारगीर. म्हणजे ज्याच्या मालकीचा घोडासुद्धा नव्हता, त्या सर्वांत खालच्या स्वाराच्या नावाने बंगालने ती सारी स्वारी लक्षात ठेवली. सेनापतींची नावे इतिहासाच्या पुस्तकांत गेली, आणि पाळण्याजवळ उरला तो बारगीर.

त्या दशकात काय घडले हे सांगायला बंगालात केवळ अंगाई नाही. गंगाराम नावाच्या कवीने ‘महाराष्ट पुराण’ हे काव्य रचले. त्याची हस्तलिखित प्रत १७५१ च्या सुमाराची आहे. घटना घडून दहा वर्षेही झाली नव्हती. बर्गी येत आहेत असे कळताच पोथ्यांची गाठोडी उचलून निघालेले पंडित आणि तराजू घेऊन पळणारे सोनार त्यात दिसतात. त्यानंतर हातपाय तोडल्याची, घरे जाळल्याची आणि स्त्रियांवरील अत्याचारांची वर्णने येतात. ती वाचताना मराठी वाचकाची मान खाली जाते, आणि जावीच. कवी एकांगी मात्र नाही. त्याच्या मांडणीत मराठे आधी पापी लोकांना शासन करण्यासाठी देवाच्या इच्छेने आलेले आहेत. पुढे त्यांनीच ब्राह्मणांची व स्त्रियांची हत्या आरंभली, तेव्हा देवीने त्यांचा पक्ष सोडला. भास्करपंतांनी काटव्याजवळ दुर्गापूजा मांडली होती आणि पूजा चालू असतानाच नबाब अलिवर्दीखानाने त्यांच्यावर हल्ला केला, हा इतिहास आहे. १७४४ साली मानकरा येथे तहाच्या बोलण्यासाठी बोलावून नबाबाने भास्करपंतांना त्यांच्या सरदारांसह ठार करविले, हाही इतिहास आहे. अखेर १७५१ च्या तहाने ओरिसाचा मुलूख आणि वर्षाला बारा लाख रुपये चौथाई एवढे पदरात घेऊन हे प्रकरण मिटले.

मराठी शाळांच्या इतिहासात अटकेपार गेलेले झेंडे पानभर असतात. बंगालची चौथाई एका वाक्यात उरकते. यात कोणा एका पुस्तकाचा दोष नाही. जिंकणाऱ्याचा इतिहास असाच लिहिला जातो. पण अंगाई नीट ऐकली तर तिच्यात एक गोष्ट आढळते, जी दोन्हीकडच्या बखरींत आढळत नाही. बर्गी आले या ओळीनंतर आई त्यांच्या तलवारींविषयी बोलत नाही. ती बोलते साऱ्याविषयी. आणि हा सारा, ज्याला बंगालीत ‘खाजना’ म्हणतात, बर्गींना द्यायचा नसतो. तो द्यायचा असतो जमीनदारामार्फत नबाबाला. घोडेस्वार धान लुटतो, पक्षी धान खातो, आणि सरकार तरीही सारा मागते. लुटारू कोण आणि राजा कोण, हा भेद त्या झोपडीतून फारसा दिसत नसावा. मराठ्यांवर रागावलेले गाणे म्हणून ही अंगाई प्रसिद्ध आहे खरी. वास्तविक ती सगळ्याच वसुली करणाऱ्यांवरचे गाणे आहे.

लहान मुलांना परकीयाचे भय घालून निजवण्याची रीत केवळ बंगालची नाही. स्पेनच्या दक्षिणेस आंदालुसिया नावाचा प्रांत आहे. ग्रानादा हे त्यातले प्रसिद्ध शहर. त्या परिसरात १८९८ साली जन्मलेला कवी फेदेरिको गार्सिया लॉर्का हा लोकगीतांचा मोठा व्यासंगी होता. १९२८ साली माद्रिदच्या ‘रेसिदेन्सिया दे एस्तुदियान्तेस’ या विद्यार्थीगृहात त्याने स्पेनच्या अंगाईगीतांवर एक व्याख्यान दिले. स्पेनमधील आया आपल्या मुलांना इतक्या उदास सुरांत का निजवतात, हा त्याचा प्रश्न होता. तिथेही अंगाईत बागुलबुवा असतो. त्याचे रूप प्रांतागणिक बदलते हे लॉर्काने दाखवून दिले: कॅस्टीलमध्ये लांडगी आणि जिप्सी स्त्री, तर दक्षिणेत बैल आणि मूर राणी. ग्रानादातील मुरांचे राज्य १४९२ साली संपले. त्यानंतर सव्वाचारशे वर्षांनीही तिथल्या आया मुलांना मूर राणीचा धाक घालत होत्या. बंगालचा बर्गी त्या मानाने अलीकडचा.

लॉर्काचा मित्र, संगीतकार मान्वेल दे फाया, याने याच आंदालुसियाच्या लोकसंगीताविषयी आणखी एक गोष्ट लिहून ठेवली. १९२२ साली या दोघांनी ग्रानादामध्ये ‘कान्ते होन्दो’ या खोल गळ्याच्या पारंपरिक गायकीची स्पर्धा भरवली होती. त्या निमित्ताने लिहिलेल्या पुस्तिकेत फायाने या गायकीची उगमस्थाने दिली: बायझंटाइन चर्चचे गायन, मुरांचे आगमन आणि जिप्सींची वस्ती. म्हणजे अंगाईत ज्या दोघींचे भय घालायचे, त्या मूर आणि जिप्सी, त्यांच्याकडूनच सूर घेतलेले. हे जिप्सी मुळात हिंदुस्थानातून गेलेले, हे तर आता सर्वमान्य आहे.

बंगालने बर्गींकडून सूर घेतला असे म्हणायला आधार नाही. मात्र माणसे घेतली. हुगळी जिल्ह्यात इटाचुना नावाचे गाव आहे. तिथली जुनी राजबाडी लोक ‘बर्गी डांगा’ या नावाने ओळखतात, आणि तिथले कुंडू घराणे मराठी स्वारांपैकी मागे राहिलेल्यांचे वंशज अशी परंपरा सांगितली जाते. ‘लुटेरा’ या हिंदी चित्रपटातील वाडा अनेकांनी पाहिला असेल, तो हाच. चित्रपटाच्या नावातला योगायोग निर्मात्यांच्या ध्यानात आला होता की नाही, कोण जाणे.

आता या गाण्यांच्या संग्रहाकडे वळू. बंगालात मुलांच्या अशा गाण्यांना ‘छडा’ म्हणतात. ते गोळा करण्याचे काम रवींद्रनाथ ठाकुरांनी १८९४ च्या सुमारास हाती घेतले, आणि त्यांविषयीचे त्यांचे निबंध पुढे ‘लोकसाहित्य’ या १९०७ च्या पुस्तकात आले. एकाच छड्याचे निरनिराळे पाठ मिळाले, तर त्यांपैकी एक शुद्ध ठरवून बाकीचे टाकावेत असे त्यांनी केले नाही. सर्व पाठ सोबत ठेवले. ही दृष्टी त्या काळात दुर्मिळ होती. त्याच रवींद्रनाथांनी १९०४ साली ‘शिवाजी उत्सव’ ही कविता लिहिली, आणि ती लिहिली एका मराठी घराण्यातील बंगाली लेखकाच्या पुस्तिकेसाठी. सखाराम गणेश देऊसकर यांचा जन्म १८६९ चा, देवघरजवळचा. ‘देशेर कथा’ हा त्यांचा ग्रंथ बंगालात घरोघर वाचला गेला आणि पुढे सरकारने जप्त केला. १९०२ साली कोलकात्यात शिवाजी उत्सव सुरू करण्यात त्यांचाच पुढाकार होता, आणि १९०६ च्या उत्सवाला स्वतः लोकमान्य टिळक कोलकात्यास गेले होते. दिवसा सभांतून शिवाजी महाराजांचा जयजयकार आणि रात्री पाळण्याशी बर्गीची भीती, असे ते कोलकाता होते. दोहोंत विसंगती आहे असे त्या शहराला वाटले नसावे. लोकगीताला सभेतल्या ठरावाशी काही देणेघेणे नसते. ते आपल्या अनुभवाशी इमान राखून असते.

रवींद्रनाथांच्या संग्रहात एक उणीव मात्र राहिली, ती त्या काळाचीच उणीव होती: ज्या स्त्रियांच्या तोंडून छडे मिळाले त्यांची नावे त्यांच्यासोबत आली नाहीत. महाराष्ट्रात हेमा राईरकर आणि गी पॉइटव्हँ यांनी जात्यावरच्या ओव्यांचा जो प्रचंड संग्रह केला, एक लाखाहून अधिक ओव्यांचा, त्यात ओवी कोणाची आणि गाव कोणते याचीही नोंद आहे. लोकगीताला कर्ता नसतो असे म्हणण्याची पद्धत आहे. गाणारीला मात्र नाव असते, आणि ते लिहून घ्यायला फार शाई लागत नाही.

संग्रहानंतर आली तबकडी. १९०२ साली कोलकात्यात गौहरजानचे गाणे मुद्रित झाले तेव्हापासून हे शहर हिंदुस्थानातील ध्वनिमुद्रणाचे केंद्र बनले. १९०८ साली तिथे तबकड्यांचा कारखानाही निघाला. लोकगीत मात्र तबकडीवर उशिरा आले. ते आणण्याचे श्रेय मुख्यतः अब्बासउद्दीन अहमद यांचे. १९०१ साली कूचबिहारमध्ये जन्मलेल्या या गायकाने आपल्या मुलखाचा ‘भावैया’ शहरात आणला. कूचबिहार, रंगपूर, ग्वालपाडा हा उत्तरेकडील सपाट प्रदेश. तिथले गाडीवान, म्हशींचे राखणदार आणि हत्तींचे माहूत यांचे हे गाणे. साथीला दोतारा. गाडीचे चाक खाचखळग्यात आदळावे तसा या गाण्यात गळा मध्येच मोडतो, आणि तो मोड हाच भावैयाचा अलंकार. भटियाली त्याहून वेगळी. ती पूर्व बंगालच्या नद्यांवरची. ओहोटीला बंगालीतही भाटा म्हणतात. नाव प्रवाहाला लागली, वल्ही मारण्याचे श्रम संपले, की एकटा नावाडी तार स्वरात आरंभ करतो आणि सावकाश खाली उतरतो. तिला ठेका नसतो. वल्ह्यांसोबत म्हटले जाणारे ‘सारी’ गान मात्र ठेक्याशिवाय चालतच नाही. श्रम आहेत तिथे ताल आणि विसावा आहे तिथे आलाप, हा भेद महाराष्ट्रात मोटेवरची गाणी ऐकलेल्या जुन्या पिढीला समजावून सांगण्याची गरज नाही.

तबकडीला तीन मिनिटे मिळत, आणि ग्राहक शहरातला. भावैयाची बोली त्या ग्राहकाला दुर्बोध. तेव्हा त्याच चालींवर काझी नझरुल इस्लाम यांनी प्रमाण बंगालीत गीते लिहिली, अब्बासउद्दीन यांनी ती गायिली आणि ती लोकप्रिय झाली. मूळ बोलीतील भावैयाही यथावकाश तबकडीवर आले आणि तेही खपले. ग्राहक वाटला होता तितका अडाणी नव्हता. योगायोग असा की १९३१ साली, जेव्हा अब्बासउद्दीन यांचा आवाज कोलकात्यात तबकड्यांवर चढत होता, त्याच साली स्पेनमध्ये लॉर्काने स्वतः पियानोवर साथ करून ‘ला आर्खेन्तिनीता’ या नर्तकी-गायिकेकडून जुनी लोकगीते मुद्रित करून घेतली. दोन्हीकडच्या तबकड्यांवर चित्र एकच: भोंग्यापुढे बसलेला कुत्रा.

याच भावैयाच्या प्रदेशातून पुढे प्रतिमा बरुआ पांडे आल्या. त्यांची कथा शाळेशी निगडित आहे, म्हणून या प्रसंगी ती थोडी विस्ताराने सांगायला हवी. आसामातील गौरीपूरच्या जमीनदार घराण्यात, हत्तींचे जाणकार प्रकृतीशचंद्र बरुआ यांची ही कन्या. ‘देवदास’कार प्रमथेश बरुआ हे तिचे काका. जन्म १९३४ साली कोलकात्यात आणि आरंभीचे शिक्षण तिथल्या गोखले मेमोरियल शाळेत. नामदार गोपाळ कृष्ण गोखले यांच्या नावाने सरला राय यांनी १९२० साली काढलेली ही मुलींची शाळा. कोकणात जन्मलेल्या, पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात शिकवणाऱ्या एका मराठी माणसाचे नाव कोलकात्यातील मुलींच्या शाळेला लागावे, हे बर्गीच्या अंगाईइतके प्रसिद्ध नाही. मराठा डिच लेनची पाटी वाचून खजील झालेल्या प्रवाशाला ही पाटीही कोणी तरी दाखवायला हवी.

शाळेत प्रतिमेच्या कानांवर रवींद्रसंगीत पडले. पण सुटीत आणि नंतर शिक्षणासाठीही ती गौरीपूरला गेली, आणि तिथे माहुतांच्या आणि गाडीवानांच्या तोंडून जे ऐकले, त्याने तिचा गळा घडवला. हवेलीतल्या मुलीने माहुताची गाणी गावीत हे प्रतिष्ठेला शोभणारे नव्हते. वडिलांनी मात्र उत्तेजन दिले. १९५० नंतरच्या काही वर्षांत भूपेन हजारिकांनी तिचे गाणे ऐकले आणि चित्रपटांतून ते सर्वदूर नेले. १९५८ चा त्यांचा ‘माहुत बंधु रे’ हा चित्रपट त्यांपैकीच. १९९१ साली प्रतिमाबाईंना पद्मश्री मिळाली. रीतसर संगीतशिक्षण त्यांनी कधी घेतले नव्हते. शाळेने त्यांना वाचायला शिकवले आणि माहुतांनी गायला. दोहोंपैकी एकाने दुसऱ्याला हुसकावले नाही, हे त्यांचे भाग्य.

सर्वांनाच ते भाग्य लाभत नाही. बंगालच्या पश्चिम टोकाला, आजच्या पुरुलिया जिल्ह्यात, ‘टुसू’ नावाचा उत्सव होतो. पौष महिनाभर मुली संध्याकाळी जमून टुसूची गाणी म्हणतात आणि मकरसंक्रांतीला तिचे विसर्जन करतात. टुसू हे नाव धानाच्या तुसावरून आले असे एक मत आहे. पूजेच्या पात्रात तूस, शेणाचे गोळे आणि झेंडूची फुले असतात. म्हणजे तूसही आपलेच आणि झेंडूही आपलाच. मराठी मुलींचा भोंडला ज्याने पाहिला आहे, त्याला टुसू परकी वाटणार नाही: तेच फेर धरून जमणे, तेच जुन्या चालीवर नवे शब्द रचणे, त्याच सासरमाहेरच्या कुरबुरी.

हा भाग तेव्हा मानभूम जिल्हा म्हणून बिहारमध्ये होता. स्वातंत्र्यानंतर तिथल्या शाळांतून बंगाली काढून हिंदी माध्यम आणण्याचे प्रयत्न सुरू झाले. मुले घरी बंगालीत टुसू गात आणि शाळेत त्यांना ती भाषा वर्ज्य. त्याविरुद्ध १९४८ साली लोकसेवक संघ स्थापन झाला. अतुलचंद्र घोष आणि लावण्यप्रभा घोष हे गांधीवादी दांपत्य त्याच्या अग्रभागी होते. सभांवर बंधने आली तेव्हा लोकांनी टुसूचा आधार घेतला. १९५४ च्या पौषात मुलींच्या या गाण्यांच्या चालींवर भाषेच्या मागणीचे शब्द चढले. भजहरी महातो यांच्यासारख्यांनी रचलेली गाणी गावोगाव पोचली आणि ती गाणाऱ्यांना तुरुंगात धाडण्यात आले. टुसू गाण्याबद्दल शिक्षा झालेली माणसे त्या जिल्ह्यात पुढे अभिमानाने तसे सांगत.

मग १९५६ साली बंगाल आणि बिहार ही राज्येच एकत्र करण्याचा प्रस्ताव आला. २० एप्रिल रोजी पाकबिडरा गावातून सुमारे हजार स्त्री-पुरुष पायी कोलकात्याकडे निघाले. तीनशे किलोमीटरांच्या आसपासचे अंतर, वैशाखाचे ऊन, आणि ओठांवर टुसू. मेच्या पहिल्या आठवड्यात ते हावडा पुलावरून शहरात शिरले आणि त्यांनी स्वतःला अटक करवून घेतली. प्रस्ताव मागे पडला. १ नोव्हेंबर १९५६ रोजी पुरुलिया हा जिल्हा पश्चिम बंगालात आला.

ही तारीख मराठी श्रोत्यांनी पुन्हा एकदा ऐकावी. १ नोव्हेंबर १९५६. त्याच दिवशी, त्याच राज्यपुनर्रचनेत, मराठी माणसाच्या पदरात द्वैभाषिक मुंबई राज्य पडले. इकडे शाहीर अमर शेख आणि अण्णाभाऊ साठे पोवाडे-लावणीच्या चालींवर तेच करत होते जे मानभूमच्या मुली टुसूच्या चालींवर करत होत्या. अण्णाभाऊंची ‘माझी मैना’ ही छक्कड ज्यांनी ऐकली आहे, त्यांना बेळगाव-कारवारचे दुःख समजावण्यासाठी भाषाशास्त्राची गरज लागली नाही. मुंबईसह महाराष्ट्राला आणखी साडेतीन वर्षे थांबावे लागले. बेळगाव-कारवार अजून थांबलेलेच आहेत.

अमर शेख आणि अण्णाभाऊ यांच्याप्रमाणेच लोकनाट्य चळवळीत वाढलेले बंगालचे हेमांग बिश्वास यांचा येथे उल्लेख केल्यावाचून पुढे जाता येत नाही. सिल्हेट भागात १९१२ साली जन्मलेले हेमांगबाबू पुढे कोलकात्यास स्थायिक झाले. फाळणीने त्यांचे गाव आणि त्यांच्या गाण्यातल्या नद्या पलीकडे गेल्या. कोलकात्याच्या रंगमंचावर भटियाली गाणाऱ्या कित्येकांची हीच अवस्था होती: गळा इकडे, नदी तिकडे. शहरात लोकगीत शिकवण्याचे वर्ग निघाले, चाली आणि ताना घोटून घेतल्या जाऊ लागल्या, तेव्हा त्यांनी एक नामी शब्द योजला. शास्त्रीय संगीताला घराणे असते. लोकसंगीताला असते ते ‘बाहिराना’. घराबाहेरचे जग. एखाद्या मुलखाची हवा, बोली, जमिनीचा चढउतार, कामाची लय, हाच त्याचा गुरू. हे मत काहीसे कठोर आहे. ते तंतोतंत मानले तर शाळेच्या स्नेहसंमेलनात कोळीगीत म्हणणाऱ्या मुलांना गप्प बसवावे लागेल, आणि तसे कोणी करू नये. पण गाण्याच्या आधी मुलांना तो समुद्र, ते जाळे, तो बाजार दाखवावा, एवढा बोध त्यातून घ्यायला हरकत नाही.

आजही कोलकात्यात सोन्याचांदीचे गलाईकाम करणारी विटा-आटपाडीकडची कुटुंबे आहेत. नोकरीनिमित्त गेलेले आहेत, त्यांत या शाळेतून शिकून गेलेलेही असतील. त्यांची मुले शेजारच्या बंगाली आजीच्या मांडीवर झोपतात आणि बर्गीची अंगाई ऐकतात. एखाद्या मुलाने मोठे झाल्यावर विचारले की बर्गी म्हणजे कोण, तर घरच्यांनी विषय टाळू नये. बारगीर म्हणजे कोण, त्याला घोडा कोणी दिला, त्या घोड्याच्या टापांखाली काय तुडवले गेले, आणि त्याच वेळी नबाबाचा सारा कसा वसूल होत होता, हे सगळे सांगावे. सात-आठ वर्षांच्या मुलाला ते समजते.

व्याख्यानानंतर काही ध्वनिमुद्रणे ऐकवण्याची व्यवस्था केली आहे. प्रथम अब्बासउद्दीन यांचा एक भावैया, नंतर प्रतिमा बरुआ, आणि शेवटी लॉर्काच्या पियानोसह आर्खेन्तिनीता. अंगाईचे मुद्रण मुद्दाम ठेवलेले नाही. सभागृहात बंगाली माहेरच्या दोन-तीन सुना बसलेल्या आहेत, असे संयोजकांकडून समजले. त्यांच्यापैकी ज्यांना ती येत असेल त्यांनी, संकोच न धरता, आपल्या आईने जशी म्हटली तशीच म्हणावी.